सरत्या देवाची वाटी

मित्रांनो, मी तांब्याची एक जुनी वाटी आहे. किती जुनी, ते मात्र विचारू नका. साऱ्या गावाचा वेळ मोजता मोजता स्वतःचे वय मोजायला मला कधी उसंतच मिळाली नाही.

तुमच्याकडे म्हणे सूर्य उगवतो आणि मावळतो. मजा आहे तुमची! आमच्या गावावर कायम एकसारखा पांढरा उजेड असतो. सकाळ नाही, संध्याकाळ नाही. म्हणून एका तांबटाने मला घडवले, माझ्या बुडाला बारीक छिद्र पाडले आणि सरत्या देवाच्या देवळात पाण्याने भरलेल्या घंगाळात मला सोडले. छिद्रातून हळूहळू पाणी आत येई आणि मी बुडे. मी बुडाले की टोलकरी ओट्यावर जाऊन घंटेवर एक टोल मारी, परत येऊन मला रिकामी करी आणि पुन्हा पाण्यावर ठेवी. गावाचे झोपणे, उठणे, जेवणे सगळे त्या टोलांवर चाले.

सरता देव हा काळाचा देव. त्याच्या मूर्तीचे डोळे मिटलेले आणि कान मात्र सुपाएवढे. देव आंधळा आहे, किती वेळ सरला ते त्याला टोल ऐकूनच कळते आणि माणसाचे आयुष्यही तो टोल मोजूनच संपवतो, अशी गावाची श्रद्धा होती. त्यामुळे देवाइतकाच मान मलाही मिळे. खोटे कशाला बोलू, त्या मानाने मी चांगलीच फुगले होते.

टोलकऱ्याचे घर देवळाला लागूनच होते. मधले दार सदा उघडे असे. तो आणि त्याची बायको पाळीपाळीने माझ्यापाशी बसत. त्यांना एकच मुलगी होती. तिचे पाय घटकाभरही एका जागी ठरत नसत, म्हणून सगळे तिला भिंगरी म्हणत. घंगाळाच्या काठावर हनुवटी टेकून ती माझ्याकडे बघत बसे आणि "आता... आता... बुडाली गं बाई!" असे ओरडे. तिच्या त्या ओरडण्यासाठी मला बुडायला आवडायचे.

एकदा भिंगरी तापाने अंथरुणाला खिळली. वैद्यबाई आल्या. त्यांनी काढ्याची बाटली तिच्या आईच्या हातात दिली आणि बजावले, "दर चौथ्या टोलाला एक चमचा. अजिबात चुकवायचं नाही." टोलकरी तेव्हा ओट्यावर घंटेपाशी होता. त्याने हे ऐकले नाही. वैद्यबाई निघाल्या तेव्हा त्याने त्यांना देवळात गाठले.

"बाई, खरं सांगा. किती टोल आहेत तिच्या हातात?"

"काढा लागू पडला तर बरी होईल. नाही पडला तर मात्र पन्नास टोलांच्या पुढचं मी काही बोलू शकत नाही."

मित्रांनो, त्या बिचाऱ्याने त्यातले फक्त पन्नास धरून ठेवले. वैद्यबाई गेल्यावर त्याने मेणबत्तीचे मेण बोटाने मळले आणि सुईच्या टोकाने माझ्या छिद्रात बसवले. अर्धे छिद्र बुजले. त्याने मला पाण्यावर ठेवले आणि मूर्तीपुढे डोके टेकले. "देवा, तू सावकाश मोज," एवढेच तो म्हणाला. आयुष्यभर देवाची इमानेइतबारे सेवा केलेला माणूस देवाला फसवायला बसला होता. मला त्याचा राग आला नाही. उलट, भिंगरीसाठी मीही अंग हलके करून तरंगत राहिले.

मी दुप्पट वेळ घेऊ लागले. गावात मुले जेवणाच्या टोलाआधीच भुकेने रडू लागली आणि आयांनी त्यांना अधाशी ठरवले. माणसे उभ्या उभ्या जांभया देऊ लागली आणि एकमेकांना आळशी म्हणू लागली. भट्टीवाला तर कोळसा झालेली पोळी घेऊन देवळात आला. "टोलाला काढली तरी करपली! भट्टीच बिघडली वाटतं," असे म्हणून देवाची क्षमा मागून गेला. माझ्यावर कुणी संशय घेतला नाही.

थोड्या वेळाने भिंगरीची आई दारात आली. हातात चमचा होता.

"अहो, टोल लांबलाय का हो? पोरगी फणफणलीय नुसती."

टोलकऱ्याने मान वर केली नाही. "देवाचा टोल कधी लांबतो का? तुझा जीव टांगणीला लागलाय, म्हणून तुला तसं वाटतंय. जा, तिच्यापाशी बस."

ती गेली. मी पाण्यावर होते. मला तोंड असते तर मी त्याच वेळी ओरडले असते.

एकतिसाव्या टोलानंतर घरातून किंकाळी आली. टोलकरी धावला. "अजून एकोणीस होते!" असे तो पुन्हा पुन्हा म्हणत होता. बायको त्याचे हात धरून सांगत होती, "मी एकही चमचा चुकवला नाही हो. दर चौथ्या टोलाला दिला. घंटेकडे कान लावूनच बसले होते."

मग उघड्या दारातून टोलकऱ्याने माझ्याकडे पाहिले. ती नजर मी कधीही विसरणार नाही.

त्याने नखाने मेण खरवडून काढले आणि मला पुन्हा पाण्यावर ठेवले. बायकोला तो काही बोलला नाही. पुढे कधीच, कुणाशीच फारसे बोलला नाही. झुरून झुरून तो गेला, आणि ते गुपित माझ्यापाशी राहिले.

आता त्याची म्हातारी बायकोच टोल मारते. दर बुडीनंतर ती मला फडक्याने पुसते आणि म्हणते, "देवानं नेली माझी पोर, पण तू वेळ चुकवली नाहीस हो. माझ्या हातूनही कसूर झाली नाही. तेवढाच काय तो आधार." मग ती मला कपाळाला लावते.

मित्रांनो, जुन्या वस्तू शेवटी तुम्हाला सांगतात की आम्हाला जपा. मी उलटेच मागते. तिला काही सांगू नका, पण मला तिच्या हातातून काढून घ्या आणि कुठल्याही भट्टीत वितळवून टाका. ती मला फार प्रेमाने पुसते.