लॉर्ड स्केलविथ यांना फोन

हे लिहायचं नाही असंच जवळजवळ ठरलं होतं. त्या घरातलं आता कुणी उरलेलं नाही, आणि मेलेल्यांची लक्तरं वेशीवर टांगणं बरं वाटत नाही. पण राहवत नाही.

महायुद्धाच्या थोडं आधीची गोष्ट. ऑब्री बाल्कनमधल्या एका राजधानीत ब्रिटिश वकिलातीत होता. मग नोकरी सोडून घरी आला, निवडणूक लढवली आणि खासदार झाला. वकिलातीतला त्याचा दुभाषी म्हणजे तोदोर. तिकडे सत्ता उलटली तसा तोदोर जीव मुठीत धरून इंग्लंडला पळून आला. आता सरकार त्याला शनिवारच्या बोटीनं परत धाडणार होतं. परत गेला की फास, हे सगळ्यांना ठाऊक होतं, पण बोलायला कुणी तयार नव्हतं. ऑब्रीला गुरुवारी सभागृहात बोलायची संधी मिळाली होती.

आणि नेमका त्याच आठवड्यात म्हातारा मरणाला टेकला.

म्हातारा म्हणजे ऑब्रीचे वडील, लॉर्ड स्केलविथ. बापाचा श्वास थांबला की त्याच क्षणी थोरला मुलगा, इथं ऑब्री, लॉर्ड होतो, आणि लॉर्डला खासदारांच्या सभागृहात बसता येत नाही. खुर्ची गेली, बोलणं गेलं. लॉर्डांच्या सभागृहात जायचं तर कागदपत्रांतच कित्येक आठवडे जातात. तोदोरकडे तेवढा वेळ कुठला?

बुधवारी दुपारी म्हाताऱ्यानं ऑब्रीचं मनगट धरलं. "पुरे कर रे आता."

"उद्यापर्यंत, बाबा. फक्त उद्यापर्यंत."

"तो परदेशी तुझा कोण लागतो?"

"मित्र आहे."

"आणि मी?"

ऑब्री डॉक्टरकडे वळला. डॉक्टर हळूच म्हणाला, "मॉर्फिन दिलं तर शांतपणे जातील. ही हृदयाची इंजेक्शनं देत राहिलो तर टिकतीलही, पण हाल आहेत."

"टिकवा," ऑब्री म्हणाला.

म्हातारा रात्रभर उशी चावत होता. जिन्याखाली नोकरांनाही त्याचं कण्हणं ऐकू येत होतं.

गुरुवारी सकाळी ऑब्री दाढी करून आत आला, तर सगळं संपलं होतं. पलंगाशी हॉबडे उभा होता. या घराचा जुना बटलर. ऑब्रीला त्यानं रांगताना पाहिलेलं.

ऑब्रीनं पडदे ओढले. "हॉबडे, बाबा झोपलेत. कळलं? मी बोलून येईपर्यंत ते झोपलेत. डॉक्टरला आत सोडायचं नाही."

"साहेब, निदान डोळे तरी मिटू का?"

"मिटा. पण तोंडातून अवाक्षर नको."

"नाही काढणार."

आणि हॉबडेनं खरंच नाही काढलं. दुपारी पाद्री तब्येत विचारायला आला, त्याला त्यानं दारातूनच परत पाठवलं. पण धनी मरून पडलाय आणि चर्चची घंटा नाही, छतावरचा झेंडा अजून वरच. निदान झेंडा उतरवू का, एवढंच विचारावं म्हणून हॉबडेनं लंडनला सभागृहात फोन लावला. कोण हवंय म्हणून तिकडून विचारलं. आता धनी कोण, हे हॉबडेला सांगावं लागत नव्हतं. अशा माणसाला नुसतं ऑब्रीसाहेब म्हणणं त्याच्या जिभेला जमलंच नाही.

सभागृहाबाहेरच्या दालनात खासदारांच्या गर्दीत ऑब्री आपल्या पाळीची वाट बघत होता. शिपायानं खणखणीत आवाजात पुकारलं, "लॉर्ड स्केलविथ यांना फोन!"

सगळे वळले. तोदोरला परत धाडायच्या हुकमावर सही करणारा मंत्री तिथंच होता, ऑब्रीचा शाळेतला सोबती. त्यानं जवळ येऊन ऑब्रीच्या खांद्यावर हात ठेवला.

"कधी गेले रे?"

"झोपलेत."

"ऑब्री, फोन तुमच्या हॉबडेचाच असणार. तो असली चूक करेल का कधी?" मंत्री म्हणाला. "घरी जा बाबा. तुझं भाषण चांगलंच झालं असतं."

शनिवारी बंदरावर पाऊस भुरभुरत होता. तोदोर दोन पोलिसांच्या मध्ये उभा होता. त्याच वेळी तिकडे गावात म्हाताऱ्याला पुरत होते.

"तू इथं काय करतोयस?" तोदोर म्हणाला. "बापाला खांदा द्यायचा सोडून?"

"मी त्यांना खूप छळलं रे. आणि तुझ्या काही उपयोगी पडलो नाही."

"असू दे. तू लॉर्ड झालास, मी फासावर चढणार. दोघांनाही बढती."

पोलिसानं घड्याळ पाहिलं.

"एक काम करशील?" तोदोरचा आवाज आता बारीक झाला. "मला चौकात टांगतील त्या दिवशी ये. एक तरी ओळखीचा चेहरा हवा मला. पण तुमचे वकिलातीतले साहेब अशा वेळी आपल्याच बुटांकडे बघत उभे राहतात ना, तसा नको."

"येईन," ऑब्री म्हणाला. "शेवटपर्यंत तुझ्याकडे बघत उभा राहीन."