खोडलेल्या बातमीची कार्बन प्रत

बुद्धघोष साबळे यांच्या पत्राला सावळारामआबांनी एकतीस वर्षं उत्तर दिलं नव्हतं. निळं आंतरदेशीय, त्यावर इंदापूरचा शिक्का, आत मोजक्या ओळी: "आपण दवाखान्यात येऊन माझ्या आईचं म्हणणं लिहून घेतलंत. छापून आलं ते भलतंच. चौकशी अधिकारी तुमच्याच पेपरचं कात्रण पुढे करतात. मूळ बातमीची कार्बन प्रत द्यावी. आणि ते वाक्य कोणी लिहिलं, तुम्ही की पुण्याच्या कचेरीने, एवढं कळवावं."

ते पत्र आठवलं ऋषिराजच्या फोनमुळे. दैनिक 'जागल्या'ला शंभर वर्षं होत होती आणि हा तरुण विशेषांकाचं काम बघत होता.

"सर, चौतीस वर्षं तुम्ही बारामती-इंदापूरचे आमचे वार्ताहर. तुमच्या भागात 'जागल्या'नं पाण्यासाठी लढा दिला, त्यावर एक लेख हवाय. शीर्षक ठरलंय, 'तहानलेल्यांच्या पाठीशी'."

आबांना तोंडावर नाही म्हणता येत नसे. बातमीदारी फावल्या वेळची; शाळेच्या ग्रंथालयातली सगळी नोकरी त्यांनी मान खाली घालून केली होती. "बघतो" म्हणून त्यांनी फोन ठेवला.

"तहानलेल्यांच्या पाठीशी म्हणे!" बारामतीजवळच्या जळोचीतल्या दोन खोल्यांच्या घरात ते येरझाऱ्या घालू लागले. "संस्थापक इंग्रजांच्या तुरुंगात गेले, खरंय. आणीबाणीत अग्रलेखाची जागा कोरी सोडली, तेही खरं. पण पुढं? कारखान्याच्या संचालकांचे वाढदिवस पानं भरभरून छापले. माझी बौद्ध वस्तीची बातमी गेली की पुण्यात तिचे दात पाडायचे आणि मग छापायची. साबळ्यांच्या रंगुबाईचा हात मोडला, तर काय आलं? 'पाण्याच्या पाळीवरून दोन गटांत बाचाबाची, तीन किरकोळ जखमी.' किरकोळ!"

त्यांच्या पत्नी कौसल्याबाई मेथी निवडत होत्या. "हे तुमी दर दोन वर्सानं बोलताय. मला सांगताय, भिताडाला सांगताय. पत्र कुणाला आलं हुतं? पेपरला का तुमाला?"

"उत्तर दिलं असतं तर पेपरविरुद्ध साक्ष झाली असती."

"मग व्हऊ द्यायची हुती. पुण्यानं बदललं म्हणताय न्हवं? ती प्रत काढा आन् दावा की त्याला!"

आबांना तो मे महिना आठवला. इंदापूर तालुक्यातल्या बुद्धघोषच्या गावात उपसा सिंचन योजनेचे नऊ सभासद बौद्ध वस्तीतले होते. पाण्याची पाळी त्यांची, तरी वरच्या बागायतदारांनी व्हॉल्व्ह बंद केला. बुद्धघोष आणि त्याचे भाऊ जाब विचारायला गेले, तर काठ्या पडल्या. त्यांची आई, रंगुबाई, मधे पडली. प्लॅस्टरमधला हात सांभाळत ती दवाखान्यात म्हणाली होती, "लिवा आबा. नावं लिवा. माझा सासरा ह्या गावचा जागल्या हुता. रातभर गाव राखायचा. त्येचंच नाव तुमच्या पेपरानं घेतलंय न्हवं?" आबांनी नावांसकट लिहून घेतलं होतं.

त्या काळी बातमी कार्बन घालून लिहायची. वरची प्रत पाकिटातून पुण्याच्या एसटीच्या कंडक्टरकडे द्यायची, खालची आपल्याजवळ. आबांनी एकही प्रत टाकली नव्हती, पण त्या वर्षाच्या मे महिन्याचा गठ्ठा मात्र कधी सोडलाही नव्हता.

आता त्यांनी पेटीतून तो काढला आणि सुतळी सोडली. कागद सापडला. 'पाळी असताना व्हॉल्व्ह बंद. जाब विचारणाऱ्या बौद्ध शेतकऱ्यांना मारहाण, वृद्धेचा हात मोडला.' त्यावर आडवी रेघ. रेघेच्या वर, त्यांच्याच बारीक अक्षरात, 'पाण्याच्या पाळीवरून दोन गटांत बाचाबाची, तीन किरकोळ जखमी.' खाली मारणाऱ्यांची नावं, तीही खोडलेली.

रेघ कार्बनमधून उतरली होती. म्हणजे पाकीट बंद व्हायच्या आधीची. त्यांना स्टँडवरचा बाक आठवला. कंडक्टर हाका मारत होता, आणि कार्बन तसाच लावलेले कागद गुडघ्यावर धरून ते पेन चालवत होते. आधीच्या तीन बातम्या पुण्यानं कापल्या होत्या. चौथीच्या वेळी कुणाला काही सांगावंच लागलं नाही. पुण्यानं तिच्यातला एक शब्दही बदलला नव्हता.

"काय निगालं?" कौसल्याबाईंनी विचारलं.

"माझंच अक्षर."

त्यांनी कागद हातात घेऊन बघितला. मग म्हणाल्या, "वाटलंच हुतं मला. दुसऱ्याचा राग कुणी येवढी वर्सं धरत न्हाय."

चार दिवसांनी आबांनी ऋषिराजला आपणहून फोन लावला, आयुष्यात बहुधा पहिल्यांदाच. "लेख झालाय. तुरुंग आहे, कोरा अग्रलेख आहे आणि खोडलेली ही बातमी आहे. खोडणाऱ्याच्या नावासकट. माझ्या."

ऋषिराजनं सगळं ऐकून घेतलं. "सर, कशाला त्रास करून घेताय? शताब्दीचा अंक आहे, जरा सकारात्मक हवं. शिवाय तिकडच्या एका कारखान्याची पानभर जाहिरात आहे. तेवढा बातमीचा भाग वगळला तर लेख छानच..."

"वगळू?" आबांचा आवाज फाटला. "अरे, तेच तर केलं मी! तुम्ही सांगायच्या आधी केलं. लाज कशी वाटत नाही तुम्हाला? मला वाटली नाही, तुम्हाला तरी वाटू द्या! छापायचं तर पूर्ण छापा, नाहीतर टाकून द्या."

लेख छापून येणार नाही हे त्यांना कळून चुकलं. बुद्धघोष इंदापुरात मुलाजवळ राहतात हेही त्यांना ठाऊक होतं. दोनदा त्या गल्लीच्या तोंडावरून ते परत फिरले होते.

त्यांनी कागद घेतला.

"बुद्धघोषराव, जयभीम. वाक्य मी लिहिलं, पुण्याने नाही. कार्बन प्रत सोबत आहे. खोडलेलं अजून वाचता येतं, नावंही. चौकशी बंद पडली त्याला माझं वाक्य कारण झालं. माफी रंगुबाईंकडे मागायची होती. त्या गेल्या, म्हणून इथे लिहीत नाही. हे पत्र कुणालाही दाखवा. खाली पूर्ण नाव आणि सही आहे."

"झेरॉक्स पाठवा, मूळ ठिवा," कौसल्याबाई म्हणाल्या.

"त्यांनी मूळ मागितली होती."

बारामतीच्या पोस्टात मनिषा नावाची कारकून पोरगी होती. शाळेत असताना ती आबांकडून पुस्तकं न्यायची. पाकीट वजनाला ठेवत ती हसली. "आबा, इंदापूरच की! एसटीनं जाऊन हातात देऊन याल."

"तेवढी छाती न्हाय अजून," आबा म्हणाले. "तू शिक्का मार."

तिनं मारला.