वरच्या खणात पडलेले पत्र

मित्रांनो, मी एक जुने कपाट आहे, टपाल कचेरीतले. मला चोवीस खण आहेत आणि दार एकालाही नाही. सुताराने मला घडवून आणले, तेव्हा पोस्टमास्तरांनी प्रत्येक खणात हात फिरवून पाहिला. "एक कुसळ लागलं नाही हो बोटाला!" असे म्हणत त्यांनी सुताराची पाठ थोपटली. मला अगदी धन्य वाटले.

माझ्या दोन खणांवर एकाच गावाचे नाव होते. एकाच्या पुढे 'वरचे' लिहिलेले, दुसऱ्याच्या पुढे 'खालचे', एवढाच काय तो फरक. फार पूर्वी हे एकच गाव होते, नदीकाठचे. एका पुरात निम्मी घरे वाहून गेली. तेव्हा एका म्होरक्याने जमतील तेवढी माणसे टेकडीवर नेली आणि तिथे नवी वस्ती केली. "हिला नाव काय द्यायचं?" असे लोकांनी विचारले. तो म्हणाला, "घरं गेली, गुरं गेली. आता नावही पाण्यात सोडू का?" इकडे पूर ओसरल्यावर मागे राहिलेल्यांनीही पुन्हा भिंती उभ्या केल्या आणि जुनेच नाव चालू ठेवले.

तेव्हापासून खालचे म्हणत, "वरचे पळपुटे." वरचे म्हणत, "खालचे म्हणजे नुसता गाळ." माझ्यासमोरच्या बाकावर दोन्हीकडचे म्हातारे हाच वाद घालत आणि घसा सुकला की एकाच माठातले पाणी पीत. म्होरक्या मात्र दोघांनाही आपलाच वाटे. दोन्ही गावांत घरटी एका मुलाला त्याचे नाव असायचे. पोस्टमन कपाळावर हात मारून घेई.

पोस्टमास्तर चांगले होते, पण त्यांचा हात भारी. शिक्का असा आपटायचे की मी भिंतीला धडकत असे. एके दिवशी दूरच्या पुलाच्या कामावरून एक पत्र आले. त्यांनी त्यावर धाडकन शिक्का मारला, नाव वाचले, "गवंड्याच्या घरचं" असे पुटपुटले आणि ते माझ्या वरच्या खणात टाकले.

दोन्ही गावांत त्या नावाचा एकेक गवंडी होता. दोघेही त्याच पुलावर कामाला होते. पत्रात लिहिले होते, की तुमचे यजमान परांचीवरून पडून वारले. वाट चार दिवसांची असल्याने अंत्यविधी आम्ही इथेच उरकले.

वरच्या गावातल्या गवंड्याची बायको नऊ दिवस रडत होती. पोस्टमन रोज येऊन सांगायचा, "मास्तर, तिच्या घरावरून जाववत नाही हो."

दहाव्या दिवशी सकाळी खालच्या गावातल्या गवंड्याची बायको पार्सल घेऊन आली. मास्तरांनी ते तराजूत ठेवले.

"काय पाठवताय?"

"बंडी शिवलीय त्यांच्यासाठी. तिकडे थंडी फार, आणि स्वतःहून काही मागायचे नाहीत. मूग गिळून बसतील."

इतक्यात दार धाडकन उघडले. वरच्या गावातली ती बाई आत आली. एका हातात ते पत्र आणि दुसऱ्या हातात धुळीने माखलेल्या नवऱ्याचे मनगट! पुलाचे काम बंद पडले, म्हणून तो चालत घरी आला होता.

"मास्तर, हा बघा माझा मेलेला नवरा!" तिला हसू आवरत नव्हते आणि रडूही. "पहाटे दारात उभा. मी किंचाळले, तर म्हणतो, पाणी दे!"

मास्तर 'आ' वासून पाहत राहिले. खालच्या गावातली बाईही हसली. "नशीबवान गं बाई तू," ती म्हणाली.

तो गवंडी मात्र हसला नाही. तिला पाहताच त्याचा चेहरा पांढराफटक पडला.

"वहिनी," तो म्हणाला, "तुम्हाला कळलंच नाही?"

मास्तरांनी पाकीट घेतले आणि खिडकीच्या उजेडात धरले. शिक्क्याच्या काळ्या शाईखाली एक शब्द होता. मास्तरांच्या ओठांतून तो कसाबसा बाहेर पडला, "खालचे."

खालच्या गावातल्या बाईने पाकिटाकडे पाहिले, मग तराजूकडे.

"तिकीट लावा ना, मास्तर," ती म्हणाली. "वजन झालंय की."

मास्तरांच्या हातून पाकीट गळून पडले. वरच्या गावातल्या बाईने पुढे होऊन तिला घट्ट धरले. "तुझं रडणं मी रडले गं," एवढेच ती म्हणत राहिली. आणि मग खालच्या बाईच्या तोंडून जो आवाज निघाला, तो माझ्या चोवीसही खणांत घुमला.

त्या दिवशी भर दिवसा कचेरीला कुलूप लागले. मास्तर पार्सल छातीशी धरून त्या दोघींच्या मागोमाग नदीकडे चालत गेले. वरच्या गावातली बाई तिच्या घरी महिनाभर राहिली. मास्तरांनी पुढे नोकरी संपेपर्यंत पत्त्यावर कधी शिक्का मारला नाही. पण त्या नऊ दिवसांत बंडीला घातलेले टाके काही उसवता आले नाहीत.

आता नवी कचेरी झाली आहे. मी मागच्या खोलीत पडून आहे. माझ्यावर रंगाचे रिकामे डबे ठेवलेत. त्याचे मला वाईट वाटत नाही. मात्र तुम्हाला एक सांगावेसे वाटते. मित्रांनो, एकाच नावाची दोन गावे असतात, दोन माणसे असतात, दोन घरे असतात. कुणाचे बरेवाईट कुणाच्या दारात ठेवण्याआधी एकदा थांबा आणि विचारा, "यातलं कोणतं?" एवढे विचारायला एक श्वास पुरतो.