आधीच लागलेला फ्लेक्स

दिराने वहिनीचं कौतुक करावं, पण किती? दिनेशने चौकात बारा फुटी फ्लेक्स ठोकला होता: 'सविता वहिनींना औद्योगिक वसाहतीत भूखंड मिळाल्याबद्दल हार्दिक अभिनंदन!' वर स्वतःचा गॉगल घातलेला फोटो, खाली तारीख चार ऑगस्ट. आणि अर्ज भरायची मुदत होती वीस ऑगस्टपर्यंत. सविताने दुसऱ्याच दिवशी तो उतरवायला लावला. दिनेशचा नेहमीचा आगाऊपणा, एवढंच तिला वाटलं.

पण जयराम नावाच्या दुसऱ्या एका अर्जदाराने तो फ्लेक्स मोबाईलवर टिपला होता. भूखंड सविताला मिळाल्याचं पत्र निघालं आणि त्याने लगेच तक्रार केली.

आज नाशिकच्या कार्यालयात सुनावणी होती. बाहेरच्या बाकावर सविता पदराचं टोक पिळत बसली होती. भाड्याच्या शेडमध्ये तिच्याकडे अकरा बायका कांद्याच्या जाळीच्या गोण्या शिवतात, आणि मालकाला शेड महिनाअखेर रिकामी हवी. भूखंड गेला तर त्या अकरा जणींना काय सांगायचं?

"वहिनी, छापणाऱ्याने तारीख चुकवली असं सांगा," दिनेश कुजबुजला. "त्याला तयार केलंय मी."

"खरं सांग, तुला आधी कुणी काही बोललं होतं?"

दिनेश खाली बघू लागला. "इथले एक साहेब म्हणाले होते, काम होऊन जाईल. म्हटलं, झालंच समजा."

उतावळा नवरा गुडघ्याला बाशिंग बांधतो म्हणतात, हिच्या नशिबी उतावळा दीर आला होता. तेवढ्यात आतून सविताला बोलावणं आलं.

आत जयराम आधीच बसला होता. सुनावणी घेणाऱ्या मॅडमनी फ्लेक्सचा फोटो पुढे सरकवला. "ही छपाईची चूक आहे?"

'हो' अगदी जिभेवर आलं होतं. पण खोटं बोलायचं तिच्या जिवावर आलं.

"नाही मॅडम. तारीख बरोबर आहे. माझ्या दिराला कुणीतरी शब्द दिला होता. मला आत्ता बाहेर कळलं."

मॅडमनी ते लिहून घेतलं. "सरकारी जमीन कुणाच्या शब्दावर देता येत नाही, ताई. जाहिरात द्यायची, मुदत पाळायची, सगळे अर्ज एकाच मापाने मोजायचे. मुदतीआधीच शब्द गेला असेल तर वाटप रद्द करावं लागतं. नवी जाहिरात निघेल, तेव्हा पुन्हा अर्ज करा."

"कधी निघेल?"

"सहा-सात महिने तरी लागतील."

सविता उठली. मॅडम फाईलमधला गुणांचा तक्ता बघत होत्या. "गुण देणारी समिती बाहेरची होती. त्यात तुम्ही पहिल्या आहात, नऊ गुणांनी पुढे. कुणी शब्द दिला नसता तरी भूखंड तुम्हालाच मिळाला असता."

बाहेर दिनेश धावतच पुढे आला. "छपाईचं पटलं का त्यांना?"

त्याने सगळं तिच्यासाठीच केलं होतं, आणि तिला त्याचाच जास्त राग आला.

"आपल्याला तो हक्काने मिळणार होता रे," ती म्हणाली, आणि तिथेच जिन्यात तिला रडू फुटलं.