राक्षसाचं शेवटचं गाव

साहेब, तुम्ही एका माणसाचं तोंड कापलंत. टेबलाशी बसून, पंख्याखाली, कात्रीनं कापलंत. रक्त आलं नाही म्हणून तुम्हाला कळलं नाही, इतकंच. तुमचं नाव मला ठाऊक नाही, आणि आमचं कुडपण तुम्हाला ठाऊक असायचं कारण नाही. म्हणून आधी सांगतो ते तोंड कोणाचं होतं.

सखा त्याचं नाव. कुडपणच्या पठारावर त्याची आई भागूबाई म्हशी राखते. बाप त्याच्या लहानपणीच गेला. शिमग्याला आमच्या वाडीचे खेळे, म्हणजे सोंगं घेऊन नाचणारी मंडळी, गावोगाव फिरायचे, त्यात मी ढोल वाजवायचो आणि सखा संकासूर व्हायचा. अंगात काळा झगा, कमरेला घुंगरू, तोंडावर काळा मुखवटा, त्याला पांढरी दाढी आणि लाल जीभ. पोरं किंचाळत पळायची आणि तो दिसेनासा झाला की त्यालाच शोधत फिरायची. एखाद्या पोराला तो कोपऱ्यात गाठायचा, आणि पोर रडायच्या बेतात आलं की स्वतःच घाबरून मागच्या मागं पडायचा. घुंगरांसकट, धप्पकन. रडणारं पोर हसायचं, मागोमाग सगळी वाडी हसायची.

आमच्या वाडीची एक रीत आहे. संकासुराचा मुखवटा चढला की त्याला नावानं हाक मारायची नाही. आईनंही नाही. खेळे गावोगाव फिरतात, मुखवटा कुठंच उतरत नाही. उतरतो तो फक्त शेवटच्या गावात, देवीची पालखी टेकते त्या सहाणेपुढं. तिथं आईनं पुढं व्हायचं, त्याच्या घामेजलेल्या तोंडावरून हात फिरवायचा आणि नाव घ्यायचं. नाव घेतलं की तो परत माणूस.

सखा पुढं मुंबईला गोदीत लागला. शिमग्याला तिकडंही खोलीवाल्या पोरांना घेऊन नाचायचा. ते कोणा पिक्चरवाल्यानं पाहिलं. मग एकदा गावी आला तो सरळ पोलादपूरला माझ्या चहाच्या हॉटेलात शिरला आणि ओरडला, "केरू, पिच्चरमधी राक्षस झालोय मी!"

"थोबाड बघूनच घेतला असंल," मी म्हटलं.

"थोबाड दिसतंय कुठं? आख्खा काथ्यात गुंडाळलाय. आत नुसती भट्टी. पन राक्षस गरीब हाय रे बिचारा. कोंबडीला भितो." मग त्यानं बशी खाली ठेवली. "शेवटाला मुखवटा काढतो मी. एक पोरगी हाय, ती इचारते, तू कोण? मी काढतो आन् हसतो. बस. पिच्चरचा तंबू इकडं आला का आयेला दाखव."

"तू दाखव की. तुजी आय हाय."

"मी हायच रे. मी नसलो तर."

तो नव्हताच. पिक्चर लागायच्या आधी मुंबईत त्याला विषमज्वर झाला. सांगावा कुडपणला चढेपर्यंत त्याला जाळूनही झालं होतं. भागूबाईला पोराचं तोंड दिसलं नाही. घरात फोटो नाही. फोटो काढायला पठारावर कोण येतंय?

तेव्हापासून ती एकटी. म्हशींशी बोलायची, आणि बोलण्यात दर वाक्याला सखा असायचा. सखा असता तर छप्पर शाकारलं असतं. सखाला हे दूध आवडायचं. लोक वैतागायचे. मी ऐकत बसायचो, कारण दुसरं कोणी ऐकत नव्हतं.

मग पोलादपूरला तंबू आला. बाहेरच्या कापडावर हा मोठा केसाळ राक्षस, सुळे दाखवून हसणारा. मी हॉटेल बंद केलं आणि कुडपणला चढलो.

"मेलेला मानूस कापडावर कसा यील रे?" तिनं विचारलं.

"उजेडानं येतो, काकी. जिता होता तवाच धरून ठेवलाय."

"तोंड दिसंल?"

"शेवटाला दिसंल. त्यानंच सांगितलंय मला."

तिनं ठेवणीतलं लुगडं नेसलं. म्हशी शेजारणीला सांगितल्या. आणि माझ्या पुढं उतार उतरू लागली.

तंबूत आम्ही पुढं, जमिनीवर बसलो. दिवा मालवला आणि डोंगरावरून राक्षस उतरला. पोरं ओरडली, बायकांनी पदर तोंडाशी नेले. राक्षस भुकेला असतो. गाव घाबरून दारं लावतं. एक पोरगी तेवढी त्याला भाकरी देते. तो भाकरी घेतो, तेवढ्यात मागून कोंबडी ओरडते, आणि एवढा मोठा राक्षस मागच्या मागं पडतो. धप्पकन.

सगळा तंबू हसला. भागूबाईनं माझं मनगट धरलं. नखं रुतली.

पुढं राक्षस गावची गुरं राखायला लागतो. माळावर एका पायावर उभा राहतो, दुसरं पाऊल गुडघ्याला टेकवून, काठीवर भार देऊन. कुडपणला सगळे गुराखी असेच उभे राहतात. मुंबईतल्या कोणी त्याला ते शिकवलं नव्हतं. मी काकीकडं पाहिलं. ओठ हलत होते, पण आवाज नव्हता. मुखवटा चढलेला होता ना! ती नाव कशी घेईल?

मागून कोणी तरी ओरडलं, "म्हातारीला राक्षस लई आवडलेला दिसतोय गो! डोळा लवंना!"

"आवडला तर," ती वळून म्हणाली. "माजाच हाय."

हशा पिकला. ती पण हसली. सखा गेल्यापासून पहिल्यांदा हसताना पाहिली मी तिला.

शेवट आला. पोरगी राक्षसासमोर उभी राहिली. "तू कोण?" तिनं विचारलं. राक्षसानं दोन्ही हात हनुवटीखाली नेले. भागूबाई उठून गुडघ्यांवर झाली. तिनं उजवा हात पुढं केला, तोंडावरून फिरवायला.

आणि पडद्यावरचं चित्र धडपडलं. एकदम गावजेवण आलं. पंगती, ढोल, राक्षस मुखवट्यासकट लाडू खातोय. दिवे लागले.

लोक धोतरं झटकत उठले. तिचा हात तसाच पुढं होता.

मी मशीनवाल्याकडं गेलो. चांगू त्याचं नाव, घाटावरचा माणूस. म्हटलं, "शेवट कुठाय?"

"दाखवला की."

"मुखवटा काढतो तो तुकडा कुठाय?"

चांगूनं फीत बोटांनी मागं घेऊन उजेडात धरली. चिकटवलेला जोड दिसत होता. "हे बघा. असंच आलंय आमच्याकडं. वरच्या साहेबांनी कापलं म्हणतात. राक्षस माणूस निघाला तर पोरांचा हिरमोड होतो."

साहेब, हे तुमचंच ना? पोरांचा हिरमोड! आमच्या पोरांना विचारा. मुखवटा उतरून आत आपलाच सखा निघाला, की ती त्याच्या अंगावर उड्या मारायची, त्याच्या खांद्यावर बसून घरी यायची. कुठल्या पोराचा हिरमोड झाला होता? तुमच्या घरात माणसाचं तोंड पाहून हिरमोड होत असेल. आमच्याकडं होत नाही.

मी परत आलो. काकीला हे सांगायला तोंड उघडलं, तर तीच म्हणाली, "आरं, हितं कसा काढंल?"

"काय?"

"मुखवटा. हे फिरतीवर हायत ना खेळ्यांवानी? मग मदल्या गावात काढतात व्हय? हितनं कुठं जानार हायत?"

"महाडला."

"मग महाडला जाऊ."

मी सांगायला हवं होतं म्हणाल. तुम्ही सांगितलं असतं का, तिच्याकडं बघून? मी महाडचं तिकीट काढलं.

महाडला चवदार तळ्याच्या पायरीवर बसून तिनं भाकरी सोडली. अर्धी खाल्ली, अर्धी परत बांधली. कोणासाठी, ते मी विचारलं नाही. संध्याकाळी परत तंबू. परत कोंबडी, परत धप्पकन, परत सगळे हसले. परत राक्षसाचे हात हनुवटीखाली गेले, काकी गुडघ्यांवर झाली, आणि तुमची कात्री आली.

ह्या खेपेला चांगूकडं ती स्वतः गेली.

"बाबा, शेवटचं गाव कुटलं रं तुमचं?"

चांगू फितीची चक्रं डब्यात भरत होता. "आता माणगाव, मावशी. मग पुढं मालक म्हणंल तिकडं."

"आन् त्येच्या म्होरं?"

"फिरतच राहायचं."

"पन शेवटचं असंल ना येकादं? देवाचे खेळे बी कुटं तरी थांबतात."

चांगूनं माझ्याकडं पाहिलं. मग डब्याचं झाकण लावलं आणि म्हणाला, "ते मला ठाऊक नाही. वरच्या साहेबांना ठाऊक."

त्याला तिथून सुटायचं होतं. पण तिनं ते खरं धरलं.

ती वेडी नाही, साहेब. पोरगा मेला हे तिला माझ्यापेक्षा जास्त कळतं. येताना एसटीत खिडकीशी बसून म्हणाली, "तो यायचा नाय, ठाव हाय मला. तोंडावरनं हात फिरवायचा ऱ्हायलाय. तेवडा झाला का मी कशाला तंबूमागं फिरीन?"

आता ती कुडपणला आहे. मी महिन्याकाठी चढतो. अजून म्हशींशी बोलते. छप्पर शाकारायला हवं होतं म्हणते, ह्या म्हशीचं दूध कोणाला तरी आवडायचं म्हणते. नाव घेत नाही. पितरांच्या घासाला घराच्या मागं उभी राहिली, कावळ्याला हाकारलं, आणि नाव घ्यायच्या जागी गप्प झाली. मुखवटा उतरलेला नाही तोवर नाव घ्यायचं नाही. जिभेवर एवढं एकच नाव होतं तिच्या, तेही तुमच्या टेबलाखाली पडलं.

मी गेलो की चहा ठेवते आणि पहिलं विचारते, "तंबू कुटवर गेला?"

मी कधी माणगाव सांगतो, कधी पेण. आता मला गावं सुचत नाहीत.

म्हणून तुम्हाला लिहितो. तो तुकडा कापला तेव्हा कुठं टाकलात? डब्यात आहे, कचऱ्यात आहे, की जाळला? ओंजळभर फीत असेल, जास्त नाही. तिच्यात एक माणूस मुखवटा काढतो आणि हसतो. ती ज्या गावात असेल तेच आमचं शेवटचं गाव. मी म्हातारीला तिथं घेऊन येतो. पाठीवर घेऊन येतो.

कुठलं गाव ते? बोला.