उतरणाऱ्यासाठी शिट्टी

माणसाने समुद्रावर राज्य केलं ते शिडांच्या, तोफांच्या किंवा होकायंत्राच्या जोरावर नव्हे, तर एका वीतभर शिट्टीच्या जोरावर, असं सारंगाचं ठाम मत होतं. हे मत तो मांडायचा तेव्हा ती शिट्टी त्याच्याच गळ्यात लटकत असायची, हा योगायोग समजावा.

सारंग म्हणजे डेकवरच्या खलाशांचा मुकादम. कप्तानाने हुकूम सोडायचा, अधिकाऱ्यांनी तो खाली ढकलायचा आणि सारंगाने तो माणसांकडून करून घ्यायचा, अशी जहाजावरची रीत. इतिहास त्याच्या मताच्या बाजूने होता, पण थोडासाच. वल्ह्यांच्या जहाजांवर वल्हेकऱ्यांना ताल द्यायला शिट्टी वापरत. पुढे शिडं आली. वारा घोंगावत असताना उंच डोलकाठीवर लोंबकळणाऱ्या माणसाला खालून कितीही बोंबलून सांगितलं तरी त्याला फक्त तोंड हललेलं दिसे. शिट्टीचा आवाज मात्र वाऱ्याला चिरत वर जाई. ओढा, सोडा, थांबा, जेवायला या, प्रत्येक हुकमाची चाल वेगळी.

आणि मानाची शिट्टी? तिची गोष्ट अशी सांगतात. बडा अधिकारी होडीतून जहाजापाशी आला की त्याला दोराच्या शिडीवरून चढवणं अवघड पडे, विशेषतः पोट सुटल्यावर. मग त्याला एका फळीवर बसवून मालासारखं वर ओढून घेत. ओढणाऱ्यांना कठड्यापलीकडचं दिसत नसे, म्हणून सारंग शिट्टीवर सांगे: ओढा, हळू, बस्स. हुद्दा मोठा तसं वजन मोठं, आणि वजन मोठं तशी ओढणाऱ्यांची रांग लांब. पुढे जिने आले, फळी गेली, पण रांग राहिली आणि शिट्टीही. आज जिला मानवंदना म्हणतात ती मुळात ओझं उचलायची सूचना होती. इतिहासाचा एवढा भाग सारंग कुणाला सांगत नसे.

मालवाहू जहाजावर खरं तर असल्या थाटाची काही गरज नव्हती. पण कंपनीच्या मालकाला तरुणपणी आरमारात जायचं होतं. डोळे अधू म्हणून आरमाराने त्याला घेतलं नाही, तेव्हा त्याने जहाजंच विकत घेतली. तो चढला की रांग, तो उतरला की शिट्टी. कप्तान बदलला तरी शिट्टी. एकदा मालकाचा व्याही नुसता जहाज बघायला आला, त्यालाही वाजली. प्रत्येक वेळी वाजवणारा सारंगच. शिट्टीच्या टोकाची पोकळ गोळी तळहातात धरायची, बोटं मिटली की स्वर चढतो, उघडली की उतरतो. काम एवढंच. पण ते त्याने दुसऱ्या कुणाला शिकवलं नाही. शिकवलं की जागा जाते, हा त्याचा धंद्यातला एकमेव सिद्धांत होता.

सुट्टीवर घरी आला की तो जेवणाची शिट्टी वाजवायचा. सगळ्या चालींत ही लांब. चढते, थरथरते, उतरते, आता संपली म्हणावं तोच पुन्हा चढते. पोरं हात धुऊन ताटावर बसायची तरी बाप दारात गाल फुगवून उभाच.

"जेवण निवलं," बायको म्हणायची. "जहाजावर असाल सारंग. या घराची कप्तान मी आहे."

"कप्तानालाही शिट्टी लागतेच."

"मग भांडी घासायची चाल वाजवा."

ती चाल त्याला येत नव्हती.

तर हा सारंग निवृत्त व्हायला आला, आणि जन्मभर दुसऱ्यांसाठी शिट्टी वाजवलेल्या या माणसाच्या मनात एकच गोष्ट घर करून बसली: शेवटच्या दिवशी आपण जिना उतरताना आपल्यासाठी ती वाजावी. रिवाजात हे बसत नव्हतं. मान अधिकाऱ्यांचा. सारंग उतरतो तेव्हा तो नुसता उतरतो.

तो कप्तानाकडे गेला. कप्तान तरुण होता, सगळं पडद्यावर बघायचा, समुद्रसुद्धा.

"साहेब, एक विनंती होती."

"रजा हवी? अहो, आता तर कायमचीच आहे."

"उतरताना शिट्टी हवी होती."

"तुमची हरवली का?"

"माझ्यासाठी वाजायला हवी, साहेब."

कप्तानाने पहिल्यांदा मान वर केली. "वाजवा की मग."

"स्वतःच स्वतःसाठी कशी वाजवणार?"

"हां. मग स्पीकरवर लावू या. मोबाइलवर मिळेल कुठेतरी."

सारंगाचा चेहरा असा झाला की कप्तानाने मोबाइल खाली ठेवला. "बरं, माझी हरकत नाही. पण वाजवणार कोण?"

"तांडेल वाजवील. मी शिकवतो त्याला."

तांडेल म्हणजे सारंगाच्या हाताखालचा पहिला माणूस. इथे तो त्याचा मेहुणाही होता, बायकोचा धाकटा भाऊ. सारंगानेच त्याला जहाजावर चिकटवलं होतं, आणि हे उपकार तो त्याला विसरू देत नसे.

त्यांच्यात एक जुनी गोष्ट होती. काही वर्षांपूर्वी जहाज समुद्रात असताना रेडिओवर घरून निरोप आला होता. सारंगाचे सासरे, म्हणजे तांडेलाचे वडील, गेले. निरोप सारंगाच्या बायकोने धाडला होता: भावाला पाठवा, आम्ही थांबतो. दुसऱ्याच दिवशी वाटेत एक बंदर लागत होतं. तिथे उतरला असता तर तांडेल बापाचं तोंड बघायला वेळेत पोचला असता. पण त्याच्या पुढच्या बंदरात मालक चढणार होता आणि रांगेला एक माणूस कमी पडला असता. सारंगाने निरोप खिशात ठेवला. मालक चढला. रांगेत तांडेल पांढऱ्या कपड्यांत ताठ उभा राहिला, हात कपाळाशी, समोर सारंग शिट्टी वाजवतोय. घरी तोवर वाट बघून सगळं उरकलं होतं. त्या संध्याकाळी सारंगाने त्याच्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाला, "आत्ताच कळलं रे."

रेडिओवाला पोटात काही ठेवणारा नव्हता. आठवड्याभरात तांडेलाला खरं समजलं. तो भांडला नाही. ताईलाही काही बोलला नाही. तिला त्याच माणसाबरोबर संसार करायचा होता. निरोप उशिरा पोचला, एवढंच तिला माहीत. सारंगाने मात्र त्याच्या गप्प बसण्याचा अर्थ त्याला काही माहीत नाही असा लावला. पुढे तो हा प्रसंग विसरलाही.

रंगाच्या कोठडीत तांडेल रॉकेलमध्ये ब्रश धूत होता. सारंग डब्यावर बसला.

"एक काम होतं तुझ्याकडे."

"हुकूम की काम, भाऊजी?"

"काम." सारंगाने गळ्यातली शिट्टी काढून पुढे केली. "मी उतरताना वाजव. मानाची."

तांडेलाने हात पुढे केला नाही. "मागे नुसती पुसायला उचलली तर खेकसला होतात. ठेव म्हणालात, थुंकी लागेल."

"तेव्हाची गोष्ट वेगळी."

"आता चालेल माझी थुंकी?"

"चालेल," सारंग म्हणाला. मग आवाज उतरवून, "ताई येणार आहे धक्क्यावर. पोरंही. मी नुसता बॅग उचलून खाली आलो तर काय दिसेल ते?"

तांडेलाने ब्रश झटकला. रॉकेलचे चार थेंब सारंगाच्या बुटांवर पडले. "बरं. ताई ऐकणार असेल तर वाजवतो."

शिकवणी दुसऱ्या दिवशी सुरू झाली आणि त्याच दिवशी संपली. सारंगाने बोटं कशी मिटायची ते दाखवलं, तांडेलाने शिट्टी ओठाला लावली आणि मानाची चाल अशी काढली की सारंगाच्या अंगावर काटा आला. खालचा सूर, मग सरळ चढ, वर ठेहराव, मग उतार. कुठे ओरखडा नाही.

"कुठे शिकलास रे हे?"

"रांगेत. तुमच्या समोरच तर उभा असायचो."

सारंगाला हे आपलं कौतुक वाटलं. रात्री पत्र्याच्या कपाटाच्या आरशात बघून तो सलामीचा हात बसवत राहिला.

शेवटचा दिवस उजाडला. जहाज धक्क्याला लागलं होतं, जिना टाकला होता. खाली सारंगाची बायको, लेक आणि मुलगा नवे कपडे घालून उभे होते. वर खलाशांची रांग. त्यातल्या निम्म्यांनी हा प्रकार आयुष्यात पाहिला नव्हता आणि उरलेल्यांना तो लवकर संपावा असं वाटत होतं. कप्तान टोपी घालून आला. सारंग जिन्याच्या तोंडाशी उभा राहिला, छाती पुढे, हात कपाळाशी. कप्तानानेही हात वर केला. तांडेलाने शिट्टी तोंडाला लावली.

पहिला सूर निघाला. दुसऱ्या सुराला सारंगाच्या डोळ्यांत पाणी यायचं होतं, ते यायचं थांबलं. सूर चढला, थरथरला, उतरला आणि पुन्हा चढला.

जेवणाची शिट्टी.

तांडेलाने ती ताईच्या घरी ताटावर बसून ऐकली होती; या दोघांखेरीज जहाजावर ती ओळखणारं कुणी नव्हतं. जेवणाची वेळ कित्येक वर्षांपासून स्पीकर सांगायचा. रांगेतली पोरं ताठ उभी राहिली, एकाने हळूच मोबाइल काढून चित्रीकरण सुरू केलं. शिट्टी चालूच. सारंगाने तांडेलाकडे पाहिलं. तांडेल नाकासमोर बघत होता, गाल फुगलेले, बोटं बिनचूक. शिट्टी संपल्याशिवाय कपाळावरचा हात खाली आणायचा नाही, हा नियम सगळ्यांना सारंगानेच घालून दिला होता. कप्तानाचा हात भरून आला. शिट्टी थरथरली, उतरली, आता संपली म्हणावं तोच पुन्हा चढली.

अखेर ती संपली. कप्तानाने दंड चोळला. "सारंग, मालकांनाही इतकी लांब मिळत नव्हती हो!"

"होय, साहेब."

"खास यांच्यासाठी रचली का रे?" कप्तानाने तांडेलाला विचारलं.

"नाही साहेब, जुनीच आहे. भाऊजींच्या आवडीची." तांडेलाने शिट्टी सदऱ्याला नीट पुसली आणि सारंगाच्या गळ्यात घातली. मग त्याची बॅग उचलून त्याच्या हातात दिली. "सांभाळून उतरा. आणि घरी वेळेवर पोचा."

'वेळेवर' ऐकताच सारंगाला तो जुना निरोप आठवला. या गोष्टीला काही उत्तर द्यावं तर मागचं सगळं रांगेपुढे काढावं लागलं असतं. तो जिना उतरू लागला. मागून टाळ्या वाजल्या. त्या मनापासूनच्या होत्या, त्यामुळे जास्त लागल्या.

खाली लेक हसू दाबत उभी होती. "बाबा, मामाने जेवायला कशाला बोलावलं सगळ्यांना?"

बायको हसत नव्हती. ती वर, कठड्यापाशी उभ्या असलेल्या भावाकडे बघत होती. "काय झालं तुमच्यात?"

"काही नाही. चुकला तो."

"माझा भाऊ असलं चुकत नाही. काय झालं ते सांगा."

सारंगाने बॅग या हातातून त्या हातात घेतली. समोर दोनच वाटा होत्या. एकीवर खिशात ठेवलेला निरोप होता.

"मी शिकवलंच चुकीचं," तो म्हणाला.

हे वाक्य त्याच्या तोंडून घरात कधी कुणी ऐकलं नव्हतं. लेकीचं हसू थांबलं. बायको त्याच्या पुढे चालायला लागली. फाटकापर्यंत तिने मागे वळून बघितलं नाही.

तांडेल सारंग झाला नाही. पुढच्या महिन्यात कंपनीने ती जागाच रद्द केली.