दोन ओळींचा घरघऱ्या

मित्रांनो, बटाटा तुमच्या ताटात येतो तेव्हा अगदी शहाण्या मुलासारखा दिसतो. जमिनीत असताना तो तसा मुळीच नसतो. मातीला घट्ट धरून बसतो, आणि बाहेर काढताना जरा धसमुसळेपणा केला की मनात राग धरल्यासारखा आतून काळा पडतो. अशा या हट्टी बटाट्याला हलक्या हाताने बाहेर काढणारं एक जुनं यंत्र म्हणजे मी. कंपनीच्या कागदावर माझं नाव लांबलचक आहे, अक्षरं आणि आकड्यांनी भरलेलं. घरात मात्र सगळे मला घरघऱ्या म्हणतात, कारण मी चालू झालो की अंगणातल्या माणसांना एकमेकांचं बोलणं ऐकू येत नाही. त्याची मला लाज नाही. काम करणाऱ्याचा आवाज होणारच!

माझा जन्म एका मोठ्या कारखान्यात झाला. माझा सांगाडा जोडणारा कारागीर सारखा शिट्टी वाजवायचा आणि जेवणाची सुट्टी झाली की हातमोजे माझ्याच अंगावर वाळत घालायचा. त्या दिवसांत माझ्यासारख्या दोन ओळींच्या यंत्रांना जगभर मागणी होती. दोन ओळींचं म्हणजे एका फेरीत बटाट्याच्या दोन ओळी काढणारं. माझा फाळ वरंब्याच्या खाली शिरतो, माती आणि बटाटे एकदमच उचलतो आणि फिरत्या जाळीवर टाकतो. जाळी लोखंडी सळ्यांची. तिच्या फटींतून माती खाली गळते, बटाटे वर चढत निवडपट्ट्यावर येतात. तिथे दोन्ही बाजूंना माणसं उभी राहून दगड आणि ढेकळं वेचून फेकतात, आणि बटाटे ट्रॉलीत पडतात. ऐकायला सोपं वाटतं ना? करून बघा मग.

मला बाबांनी, म्हणजे या घराच्या मालकांनी, विकत घेतलं. घरी आणलं त्या दिवशी त्यांनी माझ्याभोवती तीन फेऱ्या मारल्या आणि टोपी काढून खिशात घातली. ट्रॅक्टरवर बसून मला पहिल्यांदा ओढलं ते मात्र त्यांच्या थोरल्या मुलीने. तिला सगळं गाव ताई म्हणतं, म्हणून मीही ताईच म्हणतो. धाकटा भाऊ तिच्याहून पुष्कळ लहान. त्याचा जीव आधीपासूनच पुस्तकांत आणि आकड्यांत.

आमची जमीन तुकड्यातुकड्यांची आहे. त्यांतला सर्वांत चांगला तुकडा म्हणजे खालचं रान. दोन दगडी बांधांच्या मधून एक अरुंद वाट उतरते, ती मला अंग चोरून पार करावी लागायची. एकदा खाली पोचलो की मात्र काय सांगू! तिथली माती इतकी मऊ की फाळ आत शिरताना जराही झटका बसत नसे. आजही डोळे मिटले की, म्हणजे मला डोळे नाहीत, पण असते तर मिटले असते, मला तीच माती आठवते.

निवडपट्ट्यावर पहिल्या जागी मावशी उभी राहायची. ती कोणाची सख्खी मावशी नव्हती, पण सगळ्यांची होती. तिचे हात बोलता बोलता चालायचे आणि तोंड हातांपेक्षा जास्त चालायचं. माझ्या कामातली खरी मेख तिला ठाऊक होती. जाळी जोरात पळवली तर सगळी माती लगेच गळून जाते आणि उघडे बटाटे सळ्यांवर आपटत राहतात. वरून काही दिसत नाही, आत मुका मार बसतो. म्हणून थोडी माती जाळीवर वरपर्यंत येऊ द्यायची. ती बटाट्यांची गादी. गादी पातळ झाली की मावशी मागून ओरडायची, "माती सुटली गं!" आणि ताई पुढे बसून जाळीचा वेग कमी करायची. माझ्या घरघरीतही तो आवाज तिला बरोबर ऐकू जायचा.

एका वर्षी माझं चाक फुटलं होतं आणि नवीन यायला वेळ होता. बाबांनी वरच्या रुंद तुकड्यासाठी एका ठेकेदाराचं मोठं यंत्र बोलावलं. एकदम सहा ओळी काढणारं, काचेची केबिन, आत पंखा. ठेकेदाराने जाळी अशी पळवली की बटाटे ट्रॉलीत पडले ते धुतल्यासारखे स्वच्छ! बघायला लोक जमले. बाबा तर हरखून गेले. "बघ, मावशी, एक ढेकूळ तरी दिसतंय का?" असं त्यांनी दोनदा विचारलं. चार दिवसांनी चिप्सच्या कारखान्याने अख्खा माल परत पाठवला. तेव्हा मावशीने घरातून सुरी आणून बाबांच्या हातात दिली. बाबांनी एकामागून एक सात बटाटे कापले. सगळे आतून काळेनिळे. त्या दिवशी बाबा जेवले नाहीत. आणि मी? खोटं कशाला बोलू, मला मनातून बरं वाटलं होतं. आता त्याची थोडी लाज वाटते.

पुढे बाबा थकले आणि सगळा कारभार ताईकडे आला. धाकटा शहरात नोकरीला लागला. त्याची नोकरी भारीच गमतीची. जगात कुठल्या देशात जमिनीखालची पिकं काढणारी कसली यंत्रं खपतात, पुढच्या दहा वर्षांत कसली खपतील, याचे मोठमोठे अहवाल तो लिहायचा. बटाटा, बीट, गाजर, सगळं त्याच्या लॅपटॉपमध्ये. मातीचा एक कण मात्र नाही.

सुट्टीला आला की तो अंगणात खुर्ची टाकून ताईला समजावायचा. "ताई, मार्केट बदललंय. लहान यंत्रांचा आलेख सरळ खाली चाललाय. आता सगळ्यांना मोठं यंत्र हवं, कॅमेरेवालं, आपोआप चालणारं. कंपन्याही एकमेकींना गिळतायत. घरघऱ्याची कंपनी विकली गेली, माहितीये ना? नव्या मालकांनी दोन ओळींचं मॉडेलच बंद केलं."

"बरं," ताई म्हणायची. "आणि खालच्या रानाच्या वाटेने तुझं ते मोठं यंत्र कसं उतरवायचं, ते लिहिलंय का अहवालात?"

"तेवढ्याशा तुकड्याचा विचार मार्केट करत नाही गं."

"मग मार्केटला सांग, आम्ही अजून इथे राहतो."

बाबा खिडकीतून हसायचे. मीही हसलो असतो, पण धाकट्याचं बोलणं खरं होतं. आजूबाजूच्या लहान तुकड्यांवर हळूहळू गवत माजत होतं. ठेकेदार म्हणायचा, एवढ्यासाठी यंत्र हलवायला जमत नाही. आणि हाताने काढायला माणसं मिळत नव्हती. खालचं रान पिकत होतं ते माझ्या जिवावर.

आणि अशातच माझी जाळी तुटली. खालच्या रानात, अर्धं काम राहिलेलं असताना. ताईने कंपनीत फोन केला. पलीकडची मुलगी गोड आवाजात म्हणाली, "तो पार्ट आता येत नाही, मॅडम." वेल्डिंगवाल्याने सळ्या जोडून दिल्या, त्या एका फेरीत पुन्हा सुटल्या. आमच्या थंड मुलखात हिवाळ्यात जमीन गोठते, आणि त्याला तीनच आठवडे उरले होते. गोठलेल्या जमिनीतला बटाटा म्हणजे चिखलच समजा. ताईचं तोंड एवढंसं झालं. ती जेवायला बसायची आणि उठून बांधावर जाऊन उभी राहायची.

शेवटी उपयोगी पडला तो धाकट्याचा लॅपटॉपच. जगभरात विकायला निघालेल्या जुन्या यंत्रांच्या याद्या त्याच्याकडे असत. समुद्रापलीकडे एका शेतकऱ्याने शेती सोडली होती, आणि त्याच्याकडे हुबेहूब माझ्यासारखं यंत्र होतं. सुटी जाळी तो देईना, म्हणून अख्खं यंत्रच मागवलं. ते यायचं, त्याची जाळी काढून मला बसवायची, असं ठरलं. एवढ्या लांबून कोणीतरी माझ्यासाठी येणार म्हणून मी नुसता हुरळून गेलो होतो.

सोळा दिवसांनी कंटेनर आला. दार उघडलं आणि मला माझा भाऊच दिसला. तोच रंग, तोच सांगाडा. बंदरावर परदेशी मातीचा एक कणही चालत नाही, म्हणून त्याला घासूनपुसून लख्ख केलं होतं. बिचारा अगदी पोरका दिसत होता. त्याला निवडपट्टा नव्हता, तो वाटेत कुठेतरी राहिला होता. ताईने पाना घेतला आणि त्याची जाळी सोडवायला बसली.

बाबा काठी टेकत बाहेर आले. त्यांनी त्याच्या सांगाड्यावरून हात फिरवला, मग माझ्या. माझा सांगाडा तीनदा जोडलेला होता आणि चौथी भेग दिसू लागली होती.

"अगं, तू उलटं करतेयस," बाबा म्हणाले.

ताईने वर पाहिलं नाही. "बाबा, घरघऱ्या आपला आहे."

"आपला आहे म्हणूनच सांगतोय. जाळी बसवशील आणि दोन दिवसांत सांगाडा मोडेल. मग दोघंही जातील. याचा पट्टा काढून त्याला लाव."

मित्रांनो, त्या क्षणी मला काय वाटलं ते सांगू का? मला त्या परक्या भावाचा भयंकर राग आला. म्हटलं, वा रे वा, माझ्यासाठी आला आणि माझ्याच घरात घुसला! ताई उठली आणि माझा निवडपट्टा सोडवायला लागली. जाता जाता माझ्या फाळावर हात ठेवून म्हणाली, "जाळी मिळाली की तुलाही उभा करते." तो शब्द मी मनात धरून ठेवला.

जमीन गोठायच्या आत खालचं रान निघालं. मी अंगणातल्या कोपऱ्यातून ऐकत होतो. भावाची घरघर माझ्यापेक्षा जरा पातळ आहे, पण ठीक आहे.

त्याला आता चार वर्षं झाली. ताईने मला टाकलं नाही. दर हंगामाआधी ती मला ग्रीस लावते, चाकांत हवा भरते, पावसाचं पाणी अंगावर येऊ नये म्हणून पत्रा सारखा करते. बघणारे म्हणतात, जुन्या यंत्राची काय निगा राखलीय! खरंच राखलीय. पण मित्रांनो, चांगला कोरडा, सुरक्षित बसून मी झुरतो. सकाळी भाऊ वाटेने खाली उतरतो आणि संध्याकाळी मातीने माखून परत येतो. त्याच्या फाळाला चिकटलेली ओली माती वाळून खाली पडेपर्यंत मी तिच्याकडे बघत राहतो. मला पुन्हा त्या मातीत जायचंय. दुसरं काही नको.

आणि या आठवड्यात भावाचा मुख्य शाफ्ट, म्हणजे सगळं फिरवणारा लोखंडी दांडा, मोडला. काम सुरू होऊन दोनच दिवस झाले होते. धाकट्याने जगभरच्या याद्या पुन्हा चाळल्या आणि फोनवर सांगितलं, "ताई, आपल्या मॉडेलचं एकही यंत्र उरलेलं नाही. सगळी भंगारात गेली. तो शाफ्ट आता फक्त घरघऱ्याकडे आहे."

हा शाफ्ट म्हणजे माझा कणा. तो काढला की मला पुन्हा उभं करायचा प्रश्नच उरत नाही. ताईला ते पक्कं माहीत आहे. म्हणून तीन दिवस झाले, ती पाना घेऊन येते, माझ्यासमोर उभी राहते आणि परत जाते. काल बाबांना म्हणाली, "राहू दे खालचं रान यंदा. पुढच्या वर्षापासून लावणारच नाही तिथे." बाबांनी नुसती खिडकी लावून घेतली.

आज सकाळी मावशी आली. तिला आता पट्ट्यावर उभं राहवत नाही, मुलांनी तिला घरी बसवलंय. ताई पुन्हा माझ्यासमोर उभी होती.

"काढ की," मावशी म्हणाली.

"नाही होत गं माझ्याच्याने. आयुष्यभर राबला तो. आता आराम करू दे त्याला."

"आराम!" मावशी एकदम उसळली. "मलाही घरात आरामच देतात. सून हातातली सुरीसुद्धा काढून घेते. खुर्चीवर बसवतात, शाल पांघरतात, आणि मी दिवसभर दाराकडे बघत बसते. कोणी तरी हाक मारेल, म्हणेल, मावशी, जरा ये गं. विचार तरी त्याला, काय हवंय ते."

"मावशी, काहीतरीच काय! यंत्राला कसं विचारणार?"

"मग मला विचार. मला बोलावलंस तर मी पळत येईन."

ताईच्या डोळ्यांत पाणी आलं. ती खाली बसली आणि पाना माझ्या पहिल्या नटाला लावला. नट हलेना. तिने श्वास घेतला आणि पुन्हा हात घातला. मावशीनेही पान्याच्या दांड्यावर आपले दोन्ही हात ठेवले.

मित्रांनो, तुमच्या घरात एखादी जुनी वस्तू असेल, एखादं जुनं माणूस असेल, तर त्यांना जरूर जपा. पण जपायचं म्हणून कोपऱ्यात बसवू नका. त्यांना थोडं काम सांगा, हाक मारा, सोबत न्या. झिजण्याची आम्हाला भीती वाटत नाही. तुम्ही विचारायचंच विसरून जाल, याची वाटते. हे मी सगळ्या जुन्यांच्या वतीने आताच सांगून ठेवतो, कारण उद्या दुपारपर्यंत माझा शाफ्ट खालच्या रानात फिरत असेल आणि इथे उरलेल्या सांगाड्याला काही बोलता येईल की नाही, मला ठाऊक नाही.

ताई, रडू नकोस गं. जरा जोर लाव. सुटतोय नट.